चाटण, पाक आणि अवलेह: पुण्यातील एका घरगुती प्रकल्पाच्या नोंदी

९ डिसेंबर २०२४, कोथरूड

आजपासून नोंदवही सुरू केली. पुण्यातील जुन्या घरांत मध, खडीसाखर किंवा गूळ घालून केली जाणारी औषधी चाटणे (ग्रंथांच्या भाषेत लेह किंवा अवलेह) कोणती होती, ती कशी केली जात, आणि ग्रंथांतील कृतींशी त्यांचे नाते काय आहे, हे करून पाहून लिहून ठेवणे, एवढाच या कामाचा हेतू आहे. रोगावर गुण येतो की नाही, हा आमचा विषय नाही. ते वैद्यांनी आणि रुग्णालयांनी ठरवावे. आम्ही तिघे आहोत: मी, म्हणजे रसायनशास्त्र शिकवून निवृत्त झालेला माणूस; आयुर्वेदाच्या तिसऱ्या वर्षाला असलेली माझी भाची; आणि वनस्पतिशास्त्राचे एक सहकारी, ज्यांना कुंपणातले झुडूपही नाव-गाव-कुळासह माहीत असते.

पुण्यात टिळक आयुर्वेद महाविद्यालय १९३३ साली आणि आयुर्वेद रसशाळा १९३५ साली सुरू झाली. तयार औषध बाटलीतून मिळू लागल्यावर घरातील खल आणि सहाण हळूहळू माळ्यावर गेले असावेत, असा माझा अंदाज आहे. माझ्या घरचा खल तर मला काल माळ्यावरच, दिव्यांच्या माळांखाली सापडला.

१४ डिसेंबर

नारायण पेठेतील एका वाड्यात पहिली मुलाखत घेतली. आजींचे वय ऐंशीच्या पुढे आहे. त्यांचे सासरे वैद्यकी करीत असत आणि औषधे मात्र सासूबाई करीत, असे त्यांनी सुरुवातीलाच बजावले. आल्याचा रस आणि मध, भाजलेल्या लवंगेची पूड आणि मध, बेहड्याची साल आणि मध, सुंठ-गूळ-तुपाची बोराएवढी गोळी, मोरावळा, अडुळशाचे चाटण, अशी यादी त्यांनी न थांबता सांगितली. प्रमाण विचारले की मात्र उत्तर बोटांवर येई: चिमूटभर, बोटाच्या पेराएवढे, हरभऱ्याएवढे. “आजी, चिमूट म्हणजे नेमकी किती?” असे भाचीने विचारल्यावर त्यांनी तिच्याच तळहातावर सुंठ घालून दाखवली. आम्ही ती कागदात बांधून आणली आणि घरी तोलली, ०.४ ग्रॅम भरली. माझी चिमूट ०.७ ग्रॅमची निघाली. म्हणजे आजींच्या कृतीने मी औषध केले असते, तर ते जवळजवळ दुप्पट तिखट झाले असते.

मुलाखतीतील सर्वांत मोलाची गोष्ट मला घरी आल्यावर उमगली. कोणत्या औषधात मध आणि कोणत्यात खडीसाखर, याबद्दल आजींच्या मनात कसलीही शंका नव्हती. कफाच्या खोकल्याला मध. कोरडा खोकला आणि अंगात उष्णता असेल तर खडीसाखर. बाळंतिणीला आणि वाताच्या दुखण्याला गूळ-तूप. त्यांनी ग्रंथ वाचलेले नाहीत. पण मध रूक्ष, तुरट अनुरसाचा (म्हणजे मागून जाणवणाऱ्या तुरट चवीचा) आणि कफ कमी करणारा, साखर थंड आणि पित्त शमवणारी, हा ग्रंथांतील विचार त्यांच्या यादीत जसाच्या तसा आहे. औषध कडू असते म्हणून त्यात गोड घालतात, ही माझी आजवरची समजूत अपुरी होती.

२१ डिसेंबर

रविवार पेठेत काष्ठौषधींची खरेदी केली. सितोपलादी चूर्णासाठी पाचच वस्तू लागतात: खडीसाखर, वंशलोचन, पिंपळी, वेलची आणि दालचिनी. त्यांपैकी दोन वस्तूंनी आमचा अख्खा दिवस घेतला.

दालचिनी म्हणून बाजारात सर्रास मिळते ती जाड, एकाच थराची, कडक साल कॅशियाची, म्हणजे दालचिनीच्याच जातभाई झाडाची, असते. खरी दालचिनी पातळ सालींच्या अनेक गुंडाळ्यांची असते आणि बोटांत सहज चुरते. ती मिळाली, पण भाव ऐकून सहकारी काही क्षण गप्प झाले.

वंशलोचनाची गोष्ट अधिक गुंतागुंतीची आहे. बांबूच्या पेरांच्या पोकळीत साठून वाळलेला हा पदार्थ मुख्यतः सिलिका असतो. निळसर-पांढरा, अर्धपारदर्शक, जिभेला चिकटणारा. तो दुर्मिळ आणि महाग असल्यामुळे त्याच्या नावाखाली दुसरेच काही विकले जाण्याची शक्यता मोठी असते. पहिल्या दुकानातील पांढऱ्या खड्यांची पूड पाण्यात कालवून तिच्यावर टिंक्चर आयोडीनचा थेंब टाकला, तो क्षणात गडद निळा झाला. म्हणजे तो स्टार्च, बहुधा तवकीर. दुसऱ्या दुकानातील नमुन्यावर थेंब तपकिरीच राहिला. यावरून तो पिठूळ नाही एवढेच सिद्ध होते, कारण कृत्रिम सिलिकाही या चाचणीत उत्तीर्ण होईल. तरीही आम्ही दुसरा नमुना घेतला. पहिल्या दुकानदारावर लगेच फसवणुकीचा आरोप करणेही बरोबर नाही. ‘तुगाक्षीरी’ या शब्दाचा अर्थ काही जण वंशलोचन करतात, तर काही जण तवकीर. फक्त पुडीवर जे लिहिले असेल ते आत असावे, एवढी आमची अपेक्षा होती.

२२ डिसेंबर

सितोपलादी चूर्ण केले. याचे प्रमाण गणिताच्या शिक्षकालाही आवडेल असे आहे: खडीसाखर १६ भाग, वंशलोचन ८, पिंपळी ४, वेलची २, दालचिनी १. प्रत्येक पुढचा पदार्थ मागच्याच्या निम्मा. आम्ही अनुक्रमे १६०, ८०, ४०, २० आणि १० ग्रॅम घेतले. एकूण ३१० ग्रॅम. वस्त्रगाळ झाल्यावर हाती २९१ ग्रॅम आले. उरलेले फडक्यात, खलात आणि भाचीच्या शिंकांत गेले.

वेलचीचे दाणे एकटे कुटले की त्यांच्या तेलामुळे पूड गोळा होते आणि फडक्यातून उतरत नाही. तीच थोड्या खडीसाखरेबरोबर कुटली की कोरडी राहते. येथेही साखर केवळ चवीचे काम करीत नव्हती.

शार्ङ्गधरसंहिता या मध्ययुगीन आयुर्वेद ग्रंथात औषधांच्या टिकण्याचा काळ दिला आहे, तो भाचीने काढून दाखवला. चूर्ण दोन महिन्यांनंतर हीनवीर्य होते, म्हणजे त्याचा गुण उतरतो. गोळ्या आणि लेह मात्र एक वर्षापर्यंत टिकतात. तीच वनस्पती कोरडी पूड म्हणून दोन महिने आणि गोड पाकात वर्षभर! यामागील कारण आजच्या भाषेत सांगायचे, तर पूड झाल्यावर पदार्थाचा पृष्ठभाग प्रचंड वाढतो, हवा आणि दमट वारा लागून सुगंधी तेले उडतात. उलट घट्ट पाकात साखर पाण्याला बांधून ठेवते, त्यामुळे जंतूंना वाढीसाठी मोकळे पाणी मिळत नाही आणि आतल्या पुडीपर्यंत हवाही सहज पोहोचत नाही. पुण्यातील पावसाळ्याची ज्यांना कल्पना आहे, त्यांना या फरकाची किंमत वेगळी सांगायला नको.

२९ डिसेंबर

वासावलेहाचा, म्हणजे अडुळशाच्या अवलेहाचा, पहिला घाणा. अडुळशाची पाने भोरजवळच्या एका शेताच्या कुंपणातून आणली. गुरे या झुडपाला तोंड लावत नाहीत, म्हणून ते कुंपणाला लावतात. टेकडीवरून पाने तोडायची नाहीत, असे आम्ही आधीच ठरवले होते.

अडुळशाची पाने नुसती वाटून पिळली तर रस जवळजवळ येतच नाही, कारण पाने जाड आणि चिवट असतात. म्हणून जुन्या कृतीत पुटपाक, म्हणजे वाटलेल्या पानांचा गोळा गुंडाळून, मातीचा लेप देऊन विस्तवात भाजणे, सांगितलेला आहे. आम्ही पाने मोदकपात्रात अर्धा तास वाफवून, वाटून, पंचातून पिळली. ९०० ग्रॅम पानांतून २१० मिलिलिटर रस निघाला. ग्रंथोक्त प्रमाण आजच्या मापांत रस ७६८ मिलिलिटर, साखर ३८४ ग्रॅम, पिंपळी ९६ ग्रॅम, तूप ९६ ग्रॅम आणि मध ३८४ ग्रॅम असे येते. त्याचा चतुर्थांश धरून रस १९२ मिलिलिटर, खडीसाखर ९६, पिंपळी २४, तूप २४ आणि मध ९६ असे घेतले. मध आणि तूप समान वजनाने एकत्र घेऊ नये, असा आयुर्वेदाचा नियम आहे. येथे ते चारास एक आहेत.

मध चुलीवर घालायचा नाही, पाक पूर्ण निवल्यावरच कालवायचा, हा सर्व कृतींतील समान दंडक आहे. तापवलेला मध आयुर्वेद निषिद्ध मानतो. रसायनशास्त्रातही मध तापवल्याने किंवा फार काळ साठवल्याने हायड्रॉक्सिमिथिलफरफ्युराल हे संयुग वाढते, आणि आपल्या अन्नसुरक्षा मानकांत त्याची कमाल मर्यादा किलोला ८० मिलिग्रॅम ठेवलेली आहे. या दोन गोष्टी एकच आहेत असे मी म्हणणार नाही. पण दोन्हींचा सल्ला स्वयंपाकघरात एकाच जागी येऊन थांबतो.

तार दिसू लागल्यावर पातेले उतरवले. पाकाचे वजन २१४ ग्रॅम भरले. सुमारे एका तासाने तापमान ३८ अंशांवर आले, तेव्हा मध घातला. चव उत्तम: आधी गोड, मग अडुळशाचा कडवटपणा, शेवटी घशात पिंपळीची धग.

या वनस्पतीतील व्हॅसिसिन या अल्कलॉइडवरून ब्रोमहेक्सिन हे कफ पातळ करणारे औषध विकसित झाले. अडुळसा गर्भाशयाचे आकुंचन घडवू शकतो, म्हणून गरोदर स्त्रियांनी हे चाटण घेऊ नये, ही सूचना बरणीवर लाल शाईने लिहिली.

५ जानेवारी २०२५

गुलकंद घातला. मार्केट यार्डच्या फूलबाजारातून गावठी गुलाब आणले. ५०० ग्रॅम पाकळ्यांना ७५० ग्रॅम खडीसाखर, थरावर थर. बरणी सोसायटीच्या गच्चीवर ठेवली आहे. पारव्यांपासून संरक्षण हीच यातील अवघड बाब.

१४ जानेवारी

आज काम नाही. तिळगूळ खाताना गुळाचा विषय निघाला, तेवढा लिहून ठेवतो. औषधात जुना, म्हणजे वर्ष उलटलेला गूळ घ्यावा असे ग्रंथ सांगतात, कारण नवा गूळ कफकर मानला आहे. बाजारात मात्र पिवळाधमक, नवा गूळ पहिल्यांदा खपतो. तो रंग पुष्कळदा सोडियम हायड्रोसल्फाइटने आणलेला असतो. दौंड तालुक्यातील एका गुऱ्हाळातून भेंडीच्या चिकाने मळी काढलेला, काळपट गूळ सहकाऱ्यांनी आणला आहे. तो वर्षभर ठेवून पाहायचा आहे, जर घरातल्यांनी तो राहू दिला तर.

२० जानेवारी

वासावलेह फसफसला. बरणी उघडताच हलका फुस्स असा आवाज झाला, वर बारीक फेस होता आणि वास आंबूस. टाकून दिला.

२७ जानेवारी

आठवडाभर चूक शोधली. ती एक नव्हती, दोन होत्या.

पहिली चूक पाकाची. २१४ ग्रॅम हे वजन तेव्हा आम्ही लिहिले, पण त्याचा अर्थ लावला नाही. साखर, पिंपळी आणि तूप मिळून १४४ ग्रॅम होतात; रसातील घन भाग सात-आठ ग्रॅम धरला, तरी उरलेले साठेक ग्रॅम पाणीच होते. आम्ही गरम पाकाची तार पाहून समाधान मानले होते. शार्ङ्गधर तारेवर थांबत नाही: पाण्यात टाकलेला लेह बुडून तळाशी गेला पाहिजे, बोटाने दाबल्यावर ठसा उमटला पाहिजे, आणि त्याला औषधाचा स्वतःचा गंध, वर्ण आणि रस आला पाहिजे. या सगळ्या खुणा पाण्याच्या प्रमाणाकडे बोट दाखवतात, हे मी तीस वर्षे द्रावणे शिकवूनही आधी पाहिले नाही.

दुसरी चूक मधाची. सहकाऱ्यांनी रिफ्रॅक्टोमीटर (प्रकाशाच्या वक्रीभवनावरून मधातील पाणी मोजणारे उपकरण) आणला, तेव्हा आमच्या मधातील पाणी २३ टक्के निघाले. मानकांची कमाल मर्यादा २० टक्के आहे. मध भेसळीचा होता असे यावरून ठरत नाही. आपल्याकडील सातेरी माशीच्या मधात मुळातच पाणी जास्त असते, आणि माश्यांनी मेणाची झाकणे घालण्याआधीच पोळे काढले तर ते आणखी वाढते. अशा मधात साखर सहन करणारी यीस्ट सुखाने जगते. ग्लासभर पाण्यात मधाची धार सोडून ती तळाशी जाते का, हे पाहण्याची जी घरगुती परीक्षा सांगतात, तिच्यात हा मध उत्तीर्ण झाला होता. साखरेचा दाट पाकही तीत उत्तीर्ण होतो.

शिवाजीनगरला केंद्रीय मधमाशी संशोधन आणि प्रशिक्षण संस्था १९६२ पासून आहे. सहकारी तेथे जाऊन माश्यांच्या जातींची माहिती घेऊन आले. आग्या माशी उघड्यावर एकच मोठे पोळे बांधते आणि पेटीत राहत नाही. सातेरी पेटीत राहते. फुलोरी झुडपात लहानसे पोळे करते. सुश्रुताने मधाचे आठ प्रकार सांगितले आहेत, चरकाने चार. पण त्यांतील कोणता आजच्या कोणत्या माशीचा, ही जोडी लावताना आमची दोन संध्याकाळ वादावादी झाली आणि ती आम्ही लावलेली नाही.

सिंहगड रस्त्याच्या भागात गियाँ-बारे सिंड्रोम या मज्जातंतूंच्या आजाराचे रुग्ण आढळत असल्यामुळे आणि दूषित पाण्यावर संशय असल्यामुळे, भांडी विसळण्यापासून सगळीकडे उकळून गार केलेले पाणीच वापरायचे असे ठरले.

२ फेब्रुवारी

दुसरा घाणा. महाबळेश्वर भागातील जांभळाचा मध मिळाला. पाणी १९ टक्के. पाक मंद आचेवर, सतत ढवळत, वजन १८० ग्रॅमवर येईपर्यंत आटवला. अखेरीस उकळता बिंदू १०६ अंशांवर गेला होता. थेंब पाण्यात बुडाला, पसरला नाही; निवल्यावर भाचीच्या बोटाच्या रेषा त्यावर स्पष्ट उमटल्या.

पाकाचे ६० ग्रॅमचे तीन भाग केले. बरणी ‘अ’मध्ये ३२ ग्रॅम मध ३८ अंशांवर घातला, ‘आ’मध्ये तेवढाच मध ८० अंशांवर, आणि ‘इ’मध्ये मध घातलाच नाही. ‘आ’चा रंग गडद झाला आणि जांभळाच्या मधाचा सौम्य तुरट गंध गेला, त्याजागी जळक्या साखरेची आठवण देणारा वास आला.

१० फेब्रुवारी

दुसरी मुलाखत, कसबा पेठ. येथे एक अवघड विषय आला, आणि तो टाळणे मला योग्य वाटत नाही. सोन्याची अंगठी मधात बुडवून नवजात बाळाला चाटवण्याची रीत या घरात चार पिढ्या आहे, आणि पुष्य नक्षत्राच्या दिवशी सुवर्णप्राशनाला, म्हणजे सोन्याचा अंश असलेले मध-तुपाचे चाटण द्यायला, बाळांना नेले जाते. या प्रथेची नोंद आम्ही आदराने घेतली. परंतु एक वर्षाच्या आतील बाळाला मध अजिबात देऊ नये, असा आजचा बालरोगतज्ज्ञांचा स्पष्ट सल्ला आहे. मधात क्लॉस्ट्रिडियम बॉट्युलिनम या जंतूचे बीजाणू असू शकतात. मोठ्या माणसाच्या आतड्यात ते रुजत नाहीत, तान्ह्या बाळाच्या आतड्यात रुजून विष तयार करू शकतात आणि त्यातून स्नायू लुळे पडतात. मध शुद्ध आहे, घरच्या पोळ्याचा आहे, म्हणून हा धोका कमी होत नाही.

मी हे सांगितल्यावर घरातील काकूंनी विचारले, “मग आमची सगळी कशी वाचली?” बीजाणू प्रत्येक मधात नसतात, हेच त्याचे उत्तर आहे. त्यांची सून मात्र सगळे लक्ष देऊन ऐकत होती. तिला सातवा महिना आहे. याच घरातील बाळगुटीत हिरडा, वेखंड, मुरुडशेंग, सुंठ, जायफळ सहाणेवर आईच्या दुधात उगाळतात. मधाचे बोट तेवढे बारशाच्या आधीचे.

१८ फेब्रुवारी

शेजारच्या काकांना मधुमेह आहे आणि आमच्या बरण्यांवर त्यांचा डोळा आहे, म्हणून आज हिशेब मांडला. सितोपलादीच्या ३१ भागांपैकी १६ भाग साखर, म्हणजे निम्म्याहून थोडी अधिक. तीन ग्रॅमच्या मात्रेत दीड ग्रॅम साखर येते. पण तीच मात्रा चमचाभर, म्हणजे सुमारे ७ ग्रॅम मधातून घेतली, तर मधातूनच साडेपाच ग्रॅमच्या आसपास शर्करा जाते. काका चूर्णातील साखरेची काळजी करीत होते आणि मध नैसर्गिक म्हणून मोकळ्या हाताने घेत होते. मधातील ग्लुकोज आणि फ्रुक्टोज रक्ताच्या हिशेबात मोजावेच लागतात. वासावलेहात तर पिंपळी, तूप आणि रसाचा अंश सोडला की उरते ते गोडच.

साखरेऐवजी ज्येष्ठमध चालेल का, असे त्यांनी विचारले. त्यातील ग्लिसिरायझिन साखरेच्या अनेक पट गोड असते, हे खरे. परंतु ते अधिक प्रमाणात आणि दीर्घकाळ घेतल्यास रक्तदाब वाढतो आणि पोटॅशियम घटते. काकांना रक्तदाबही आहे. शिवाय ज्येष्ठमध पाण्याला बांधून ठेवत नाही. त्याने चव येईल, अवलेह होणार नाही. शार्ङ्गधराने चूर्णाच्या चौपट साखर किंवा दुप्पट गूळ असे जे प्रमाण दिले आहे, त्यातून गोड कमी करायचे तर टिकणे कमी होते. काकांना त्यांच्या डॉक्टरांकडे पाठवले. बरणी दिली नाही.

२ मार्च

गुलकंद झाला. ५६ दिवस लागले, कारण जानेवारीत दुपारनंतर गच्चीवर समोरच्या इमारतीची सावली पडते. पारव्यांनी एकदा झाकण उलटले होते, पण फडके बांधलेले होते.

१६ मार्च

सहा आठवड्यांची तपासणी. ‘अ’ आणि ‘आ’ दोन्ही बरण्या ठीक आहेत. फेस नाही, आंबूस वास नाही. ‘इ’मध्ये कडेने साखरेचे कण धरले आहेत. मधातील फ्रुक्टोज साखरेला स्फटिक होऊ देत नाही, हे येथे तिन्ही बरण्या शेजारी ठेवून डोळ्यांनी दिसते. सितोपलादीला दोन महिने उलटून गेले. ताज्या वेलचीशी ताडून पाहता चूर्णातील वेलचीचा वास स्पष्टपणे उतरला आहे, पिंपळीचा तिखटपणा मात्र तसाच आहे.

‘अ’मधील दोन चमचे नारायण पेठेतील आजींना नेऊन दिले. त्यांनी बोटाच्या पेरावर घेऊन चाखले, थोडा वेळ जिभेवर ठेवले आणि पिंपळी जाड राहिली आहे, असे सांगितले. घरी येऊन उरलेली पूड पुन्हा फडक्यातून गाळली; २४ ग्रॅमला जवळजवळ ३ ग्रॅम भरड वर राहिली. पुढच्या घाण्याला पिंपळी दोनदा वस्त्रगाळ करायची. बरण्यांची पुढची तपासणी ३० एप्रिलला, उन्हाळा भरात असताना.